सूर होते, श्रोते होते, प्रायोजक नव्हता

अमेरिकी टेलिव्हिजनच्या पहिल्या दशकात कार्यक्रमाचा खरा धनी कोण, हे बहुधा त्याच्या नावावरूनच कळत असे. १९४८ मध्ये मिल्टन बर्ल या विनोदवीराने देशभर गाजवलेला कार्यक्रम 'टेक्सॅको स्टार थिएटर' या तेल कंपनीच्या नावाने ओळखला जाई. १९५० मध्ये आलेला 'कोलगेट कॉमेडी अवर' दंतमंजनवाल्यांचा होता. गायिका डायना शोर हिच्या कार्यक्रमाच्या नावात शेव्हर्ले मोटारीला स्थान होते आणि त्या मोटारीचे गुणगान गातच ती प्रेक्षकांचा निरोप घेत असे. गाणी, नाच, नकला, विनोदी प्रवेश आणि पाहुण्या कलावंतांशी गप्पा अशी भेळ असलेल्या या कार्यक्रमांना 'व्हरायटी शो' म्हणत. त्यांचा खर्च कंपनी उचले, आणि म्हणून पडद्यावर कोण दिसावे आणि कोण दिसू नये याचा निर्णयही बऱ्याच अंशी कंपनीच करी. आपल्याकडे 'प्रायोजक' हा शब्द घरोघरी पोचला तो १९८४ च्या 'हम लोग'च्या सुमारास. अमेरिकेत त्याच्या कितीतरी आधी या शब्दाने एका अव्वल गायकाची वाट अडवली होती.

त्या गायकाचे नाव नॅट 'किंग' कोल. त्याचा स्वतःचा कार्यक्रम ५ नोव्हेंबर १९५६ रोजी एनबीसी या बलाढ्य नेटवर्कवर सुरू झाला आणि १७ डिसेंबर १९५७ रोजी बंद पडला. जेमतेम तेरा महिने. एवढ्या काळात त्याला श्रोत्यांची, गाण्यांची किंवा नामवंत पाहुण्यांची वाण कधी पडली नाही. संपूर्ण देशासाठी आपले नाव त्याच्या नावाशेजारी लावायला तयार होईल आणि टिकून राहील, अशी कंपनी मात्र अखेरपर्यंत मिळाली नाही. कारण नॅट कोल कृष्णवर्णीय होता.

नॅथॅनिएल ॲडम्स कोल्स हे त्याचे मूळ नाव. जन्म १७ मार्च १९१९, अलाबामा राज्यातल्या माँटगोमेरी शहरात. वडील बाप्टिस्ट पंथाचे धर्मोपदेशक. आई चर्चमध्ये ऑर्गन वाजवी. दक्षिणेतल्या दारिद्र्याला आणि वर्णभेदाला कंटाळून त्या काळी हजारो कृष्णवर्णीय कुटुंबे उत्तरेकडे निघाली होती. कोल्स कुटुंबही त्यांच्याबरोबर शिकागोला आले, तेव्हा हा मुलगा चारएक वर्षांचा होता. पेटीवर बोटे ठेवायला त्याला आईनेच शिकवले. शिकागोत तेव्हा जॅझचा सुकाळ होता. पियानोवादक अर्ल हाइन्स हा या मुलाचा एकलव्यी गुरू ठरला. थोरला भाऊ एडी बास वाजवीत असे. त्याच्याबरोबर १९३६ मध्ये नॅटची पहिली ध्वनिमुद्रिका निघाली. पुढच्याच वर्षी एका संगीत नाटकाच्या फिरत्या संचातून तो कॅलिफोर्नियात पोचला, तिथे कंपनी बुडाली आणि हा तरुण नवपरिणित पत्नीसह लॉस एंजलिसमध्येच अडकून पडला. मिळेल त्या मद्यगृहात, सुरात असेल-नसेल त्या पियानोवर वाजवीत त्याने ते दिवस काढले.

त्यातूनच त्याचे त्रिकूट उभे राहिले. पियानोवर स्वतः नॅट, गिटारवर ऑस्कर मूर, बासवर वेस्ली प्रिन्स. ढोल नाहीत, तुतारी नाही. मोठमोठ्या वाद्यवृंदांच्या त्या जमान्यात एवढ्या थोड्या साहित्यावर मैफल उभी करणे हे धाडसच होते. कोण्या जुन्या बालगीतातल्या राजाच्या नावावरून त्याला 'किंग' ही पदवी चिकटली ती याच सुमारास. आज नॅट कोल म्हटले की लोकांना मऊ रेशमी गळा आठवतो. परंतु जाणकारांच्या लेखी तो आधी पियानोवादक होता आणि नंतर गायक. ऑस्कर पीटरसन आणि रे चार्ल्स यांच्यासारखे वादक त्याच्या वादनाचे ऋण मानीत. जुलै १९४४ मध्ये लॉस एंजलिसच्या फिलहार्मोनिक सभागृहात जॅझची जी ऐतिहासिक मैफल झाली, तिच्यातही पियानोवर तोच होता.

तोपर्यंत गायनाने बाजी मारायला सुरुवात केली होती. १९४२ मध्ये हॉलिवूडमध्ये स्थापन झालेल्या कॅपिटॉल या नव्या कंपनीसाठी त्याने १९४३ च्या अखेरीस 'स्ट्रेटन अप अँड फ्लाय राइट' हे गाणे मुद्रित केले. गिधाड आणि माकड यांची ती गोष्ट त्याने वडिलांच्या प्रवचनात ऐकली होती. गाणे तुफान चालले. ते चालण्याआधीच त्याने त्याचे हक्क अवघ्या पन्नास डॉलरना विकून टाकले होते, ही गोष्ट वेगळी. १९४६ चे 'द ख्रिसमस साँग', १९४८ चे 'नेचर बॉय', १९५० चे 'मोना लिसा', १९५१ चे 'टू यंग' आणि 'अनफरगेटेबल' अशी यशाची रांगच लागली. 'मोना लिसा'च्या वाद्यरचनेचे श्रेय तबकडीवर लेस बॅक्स्टरच्या नावे छापले गेले, प्रत्यक्षात ती नेल्सन रिडल या तेव्हा अप्रसिद्ध असलेल्या तरुणाने केली होती. हे नाव पुढे पुन्हा यायचे आहे. कॅपिटॉलची गोलाकार तेरा मजली इमारत १९५६ मध्ये हॉलिवूडमध्ये उभी राहिली, तेव्हा ती नॅटने बांधलेली वास्तू आहे असे लोक म्हणू लागले. त्यात अतिशयोक्ती फारशी नव्हती.

त्याच्या गाण्यात आक्रोश नाही, आलंकारिक हरकती नाहीत. शब्द न् शब्द स्वच्छ, किंचित खरखरीत पण ऊबदार पोत, आणि मायक्रोफोनच्या अगदी जवळ येऊन एकाच माणसाशी बोलावे तशी लय. रेडिओने आणि पुढे टेलिव्हिजनने जी दिवाणखान्यातली जवळीक निर्माण केली, तिच्यासाठी हा गळा जणू बेतूनच घेतला होता. १९४६ ते १९४८ या काळात एनबीसी रेडिओवर त्याच्या त्रिकुटाचा पंधरा मिनिटांचा साप्ताहिक कार्यक्रम होत असे आणि त्याला एका केशतेलाच्या कंपनीचे प्रायोजकत्वही लाभले होते. रेडिओवर रंग दिसत नाही.

दिवाणखान्यात गळ्याला प्रवेश होता, माणसाला नव्हता. १९४८ मध्ये मारिया एलिंग्टन या गायिकेशी विवाह झाल्यावर नॅटने लॉस एंजलिसच्या हँकॉक पार्क या श्रीमंत वस्तीत घर घेतले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने, कृष्णवर्णीयांना घर विकू नये अशा अटींची अंमलबजावणी न्यायालयांनी करू नये असा निर्णय दिला होता. कायदा बदलला तरी शेजारी बदलले नाहीत. मालमत्ताधारकांच्या संघटनेने घर परत विकत घेण्याची तयारी दाखवली. आपल्याला या भागात नको असलेली माणसे येऊ द्यायची नाहीत, असे त्यांनी नॅटला बजावले. आपल्यालाही तसली माणसे नकोच आहेत आणि कोणी दिसल्यास पहिली तक्रार आपणच करू, असे उत्तर त्याने शांतपणे दिले. घराच्या हिरवळीवर शिवी जाळून उमटवण्यात आली, कुत्र्याला विष घालण्यात आले. कोल कुटुंब तिथेच राहिले. नॅटच्या स्वभावाचा हा नमुना आहे. तो भांडत नसे, पण हलतही नसे.

या स्वभावाची खरी कसोटी लागली ती १० एप्रिल १९५६ रोजी, बर्मिंगहॅममध्ये. ज्या अलाबामात तो जन्मला, तिथलेच हे शहर. त्याच्या जन्मगावी, माँटगोमेरीत, त्या वेळी बसमधल्या वर्णभेदाविरुद्धचा बहिष्कार ऐन भरात होता. टेड हीथच्या ब्रिटिश वाद्यवृंदाबरोबर नॅट महापालिकेच्या सभागृहात गात होता; समोर केवळ गोरे श्रोते, कारण कृष्णवर्णीयांसाठी त्याच रात्री वेगळा खेळ ठेवला होता. गाणे चालू असताना वर्णद्वेष्ट्या संघटनेची माणसे रंगमंचावर धावून गेली आणि त्यांनी त्याला पियानोच्या बाकावरून खाली पाडले. पोलिसांना आधीच कुणकुण असल्यामुळे प्रकरण तिथेच थांबले. पाठ दुखावलेला नॅट परत रंगमंचावर आला तेव्हा त्याच गोऱ्या श्रोत्यांनी उभे राहून प्रदीर्घ टाळ्या वाजवल्या. त्याने त्यांचा निरोप घेतला, डॉक्टरांकडून तपासून घेतले आणि रात्रीचा दुसरा खेळ कृष्णवर्णीय श्रोत्यांसाठी पार पाडला.

सहानुभूती मिळायला हवी होती, ती मिळाली, पण तिच्याबरोबर टीकाही आली आणि ती आपल्याच माणसांकडून. श्रोत्यांची अशी वाटणी मान्य करून तो गातोच का, असा सवाल कृष्णवर्णीयांच्या वृत्तपत्रांनी केला. हार्लेममधल्या काही ठिकाणी त्याच्या तबकड्या ज्यूकबॉक्समधून काढण्यात आल्या. आपण राजकारणी नाही, गायक आहोत, आणि सर्वांसाठी गातो, ही त्याची भूमिका त्या वर्षी कोणालाच पुरेशी वाटेना. टीकाकारांचे म्हणणे चुकीचे नव्हते. ज्या दिवसांत माँटगोमेरीतले सामान्य मजूर आणि मोलकरणी बसवर बहिष्कार टाकून मैलोगणती चालत होत्या, त्या दिवसांत विभागलेल्या सभागृहात गाणे हा तटस्थपणा राहिला नव्हता. नॅटने प्रत्यक्ष कृतीने उत्तर दिले आणि तो कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या एनएएसीपी या संघटनेच्या डेट्रॉइट शाखेचा आजीव सभासद झाला.

या घटनेनंतर सात महिन्यांनी त्याचा टेलिव्हिजनवरचा कार्यक्रम सुरू झाला, हे ध्यानात घेतले पाहिजे. तो अगदी पहिला नव्हता. हेझल स्कॉट या पियानोवादिकेचा कार्यक्रम १९५० च्या उन्हाळ्यात ड्यूमाँट नेटवर्कवर झाला होता, पण कम्युनिस्टांच्या तथाकथित यादीत तिचे नाव आले आणि तो बंद झाला. १९५२ मध्ये बिली डॅनियल्सचाही एक अल्पजीवी प्रयत्न झाला. मात्र नॅटइतक्या तोलामोलाच्या कृष्णवर्णीय कलावंताला मोठ्या नेटवर्कने स्वतःच्या नावाचा कार्यक्रम देण्याचे हे पहिलेच उदाहरण. पाहुणा म्हणून तो एड सलिव्हनच्या गाजलेल्या कार्यक्रमात येऊन गेला होताच. पण पाहुणा येतो, गातो आणि जातो. यजमान दर आठवड्याला येतो, पाहुण्यांचे स्वागत करतो, प्रेक्षकांना शुभरात्री म्हणतो. गोऱ्या अमेरिकेच्या घरात कृष्णवर्णीय माणसाने यजमान म्हणून यावे, हा फरक लहान नव्हता.

सुरुवातीला कार्यक्रम सोमवारी संध्याकाळी साडेसातला, अवघ्या पंधरा मिनिटांचा होता. पुढे हॉलिवूडमधून प्रक्षेपण होऊ लागले, तेव्हा वाद्यवृंदाची सूत्रे नेल्सन रिडलकडे आली. 'मोना लिसा'ची तबकडी निघाल्यापासून तो पुष्कळ मोठा झाला होता. कार्यक्रम जिवंत प्रक्षेपित होई. चूक झाली तर ती देशाला दिसे. नॅटची फारशी होत नसे. उत्तम शिवलेला सूट, हातात बहुधा काहीच नाही, हालचाल जवळपास शून्य, आणि मध्येच पियानोपाशी बसून तोंड कॅमेऱ्याकडे ठेवून केलेले वादन. त्या पियानोवादनाकडे बोटांकडे न पाहता हसतमुखाने बघणारा तो चेहरा आजही पाहणाऱ्याला चकित करतो.

जाहिरात संस्थांच्या दारात मात्र एनबीसीच्या विक्री विभागाची डाळ शिजत नव्हती. कारण सरळ होते. राष्ट्रीय पातळीवर माल विकणाऱ्या कंपन्यांना दक्षिणेतल्या गोऱ्या गिऱ्हाइकांचा बहिष्कार नको होता. दक्षिणेतली अनेक संलग्न केंद्रे कार्यक्रम दाखवायलाच तयार नव्हती. एका प्रसाधन कंपनीच्या प्रतिनिधीने तर कृष्णवर्णीय माणूस ओठांची लाली विकू शकणार नाही असे मत दिले. यावर नॅटला राग आला आणि हसूही. आपल्या बायका ओठांना मग काय लावतात असे यांना वाटते, असा त्याचा सवाल होता. एवढे सगळे असूनही एनबीसीने खर्च स्वतःच्या खिशातून चालू ठेवला, याचे श्रेय त्या नेटवर्कला द्यायला हवे. नॅटनेही ते पुढे मोकळेपणाने दिले.

जुलै १९५७ मध्ये कार्यक्रम अर्ध्या तासाचा करून मंगळवारी रात्री दहा वाजता नेण्यात आला. प्रायोजकांना मोठी नावे लागतात ना, मग ती आणू, असा हा डाव होता. पैसे नव्हते, तेव्हा कलावंतांनी पैशाचा प्रश्न निकालात काढला. फ्रँकी लेन, एला फिट्झजेराल्ड, पेगी ली, मेल टॉर्मे, सॅमी डेव्हिस ज्युनिअर, हॅरी बेलाफाँटे अशी मंडळी एकामागून एक आली. एरवी अशा उपस्थितीसाठी हजारो डॉलर मोजावे लागत. नॅटसाठी त्यांतल्या अनेकांनी कलावंतांच्या संघटनेने ठरवलेली किमान बिदागी घेतली. ऑक्टोबर १९५७ मध्ये ऑस्कर पीटरसन आणि कोलमन हॉकिन्स यांच्यासारखे जॅझचे दिग्गज एकाच भागात एकत्र आले. त्या काळच्या टेलिव्हिजनवर याहून उंच दर्जाचा अर्धा तास शोधणे कठीण आहे.

राष्ट्रीय प्रायोजक मिळेना तेव्हा शहराशहरांतून स्थानिक प्रायोजक गोळा करण्यात आले. न्यूयॉर्कमध्ये बिअरची एक कंपनी पुढे आली, इतरत्र अशाच लहानमोठ्या कंपन्या आल्या. ठिगळे लावून वस्त्र तयार करण्याचा हा प्रकार होता. दरम्यान कार्यक्रमाची वेळ पुन्हा बदलली, आणि मग एनबीसीने शनिवारी संध्याकाळी सातची वेळ देऊ केली. ती वेळ प्रेक्षकसंख्येच्या दृष्टीने पडीक समजली जाई. नॅटने ती नाकारली. नाइट क्लबांची भरघोस आमंत्रणे बाजूला सारून, दर आठवड्याला अपमानाची नवी बातमी ऐकत तो वर्षभर उभा राहिला होता. १७ डिसेंबर १९५७ च्या मंगळवारी शेवटचा भाग प्रक्षेपित झाला.

त्यानंतर तो बोलला. फेब्रुवारी १९५८ च्या 'एबनी' मासिकात आपण कार्यक्रम का सोडला हे त्याने सविस्तर लिहिले. रोख प्रेक्षकांवर नव्हता, नेटवर्कवरही नव्हता. तो होता न्यूयॉर्कच्या मॅडिसन ॲव्हेन्यूवरच्या जाहिरात संस्थांवर. देश काय पाहणार हे त्या ठरवतात आणि त्यांना अंधाराची भीती वाटते, असा त्याच्या म्हणण्याचा आशय होता. नेहमी मवाळ म्हणून हिणवल्या गेलेल्या माणसाने इतकी झोंबणारी शब्दयोजना करावी, यावरून ते वर्ष त्याला किती लागले असेल याची कल्पना येते.

टेलिव्हिजनने नाकारलेला हा गायक इतरत्र शिखरावरच होता. 'लव्ह इज द थिंग' ही दीर्घ मुद्रिका १९५७ मध्येच, म्हणजे कार्यक्रम प्रायोजकासाठी दारोदार हिंडत असताना, विक्रीच्या यादीत पहिल्या स्थानावर पोचली. जे गिऱ्हाईक त्याची तबकडी पैसे मोजून घरी नेत होते, त्याच गिऱ्हाइकाला त्याच्या तोंडून साबणाची शिफारस चालणार नाही, असे जाहिरातवाल्यांनी गृहीत धरले होते. व्यवहाराच्या कसोटीवरही हा हिशेब टिकणारा नव्हता. १९५८ मध्ये त्याने 'सेंट लुई ब्लूज' या चित्रपटात संगीतकार डब्ल्यू. सी. हँडी यांची भूमिका केली, त्याच वर्षी स्पॅनिश गाण्यांची मुद्रिका काढली. १९६२ मध्ये 'रॅम्बलिन' रोज'ने पुन्हा धमाल उडवली. नागरी हक्कांच्या चळवळीपासून आता तो अंतर राखून नव्हता. १९६३ च्या वॉशिंग्टन मोर्चाच्या आखणीतही त्याने भाग घेतला. परदेशी टेलिव्हिजनला त्याच्या रंगाची अडचण नव्हती. बीबीसीने १९६३ मध्ये त्याच्या गायनाचा खास कार्यक्रम केला.

सिगारेटचे व्यसन त्याला तरुणपणापासून होते. दिवसाला तीन-तीन पाकिटे. धुरामुळे आवाजाला खोली येते अशी त्याची समजूत होती आणि मुद्रणाआधी तो मुद्दाम एकावर एक सिगारेटी ओढी. डिसेंबर १९६४ मध्ये फुप्फुसाच्या कर्करोगाचे निदान झाले. १५ फेब्रुवारी १९६५ रोजी सांता मोनिका येथील रुग्णालयात त्याचे निधन झाले. वय पंचेचाळीस. अंत्यविधीच्या वेळी श्रद्धांजलीचे भाषण जॅक बेनी या टेलिव्हिजनवरच्याच नामवंत विनोदवीराने केले.

त्याच्या पश्चात टेलिव्हिजन सावकाश बदलले. सॅमी डेव्हिस ज्युनिअरला १९६६ मध्ये एनबीसीनेच कार्यक्रम दिला, तो काही महिने टिकला. १९६८ मध्ये ब्रिटिश गायिका पेट्यूला क्लार्क हिने गाता गाता हॅरी बेलाफाँटेच्या दंडाला हात लावला, तर प्रायोजक मोटारकंपनीच्या प्रतिनिधीने ते दृश्य काढण्याचा आग्रह धरला. तिने आणि तिच्या पतीने तो मानला नाही. १९७० मध्ये फ्लिप विल्सन या कृष्णवर्णीय विनोदवीराचा व्हरायटी शो त्याच एनबीसीवर आला, चार वर्षे चालला आणि पहिली दोन वर्षे देशातल्या सर्वाधिक पाहिल्या जाणाऱ्या कार्यक्रमांत दुसरा राहिला. त्याला प्रायोजकांची ददात पडली नाही.

नॅटच्या कार्यक्रमाचे बरेच भाग सुदैवाने टिकले. चित्रफितीचे तंत्र तेव्हा नुकतेच आले होते. प्रक्षेपण चालू असताना पडद्यासमोर फिल्म कॅमेरा लावून केलेली ही मुद्रणे आहेत, त्यामुळे चित्र काहीसे धूसर आहे. शेवटचा भाग झाला तेव्हा त्याची मुलगी नॅटली सात वर्षांची होती. तीही गायिका झाली, आणि १९९१ मध्ये तिने वडिलांच्या जुन्या मुद्रणावर आपला आवाज चढवून 'अनफरगेटेबल' हे युगुलगीत तयार केले. पुढे २०१५ मध्ये निधन होईपर्यंत ती मैफलींतून ते गात राहिली, मागच्या पडद्यावर वडिलांचे कृष्णधवल चित्र ठेवून.